वळवाचे ढग एकापाठोपाठ एक का येतात? पहिली सर थांबली तरी लगेच शिवारात का जाऊ नये?

एप्रिल-मे महिना. दुपारी चारच्या सुमारास आभाळ भरून येते, सोसाट्याचा वारा सुटतो, वीस-पंचवीस मिनिटे पाऊस झोडपून काढतो आणि उघडीप होते. "गेला एकदाचा" म्हणत माणसे कांद्यावरची ताडपत्री बघायला, झाडाखाली बांधलेली जनावरे सोडवायला शिवाराकडे निघतात. तेवढ्यात पुन्हा अंधारून येते आणि दुसरी सर पहिलीपेक्षा जोरात कोसळते. हा निव्वळ योगायोग नसतो. बऱ्याचदा पहिल्या ढगानेच दुसरा ढग उभा केलेला असतो.

एका ढगाचे आयुष्य किती?

तापलेल्या जमिनीवरची गरम, दमट हवा वर चढते. वर गेल्यावर ती थंड होते, बाफेचे पाणी होते आणि ढग फुगत जातो. गडगडाटी ढगाचा माथा १२ ते १५ किलोमीटर उंचीपर्यंत पोहोचू शकतो. एकटा ढग साधारण अर्धा ते एक तास टिकतो. पाऊस पडू लागला की थंड हवाही त्याच्याबरोबर खाली येते, ढगाला मिळणारी गरम हवा तुटते आणि ढग विरून जातो.

पण गोष्ट इथे संपत नाही. खाली आलेली थंड हवा जड असते. ती जमिनीवर आपटून चहूबाजूंनी पसरते. पाऊस येण्याआधी गार वारा आणि मातीचा वास येतो तो याच हवेबरोबर. ही थंड हवा पुढे सरकताना नांगराच्या फाळासारखी पुढची गरम हवा वर उचलते. तिथे नवा ढग तयार होतो. तो बरसला की त्याची थंड हवा आणखी पुढचा ढग उठवते.

ढगांची रांग कशी जुळते?

असे अनेक ढग जवळजवळ उठले की त्यांची थंड हवा एकमेकांत मिसळते आणि सगळे मिळून एकच मोठी प्रणाली होते. अशी प्रणाली १०० किलोमीटर किंवा त्याहून जास्त पसरते आणि अनेक तास चालते. एकट्या ढगापेक्षा खूप मोठी, पण चक्रीवादळापेक्षा लहान, म्हणून हवामानशास्त्रात ती मध्यम आकाराची प्रणाली समजली जाते.

यात वरच्या वाऱ्याचा मोठा हात असतो. जमिनीलगतचा वारा आणि उंचावरचा वारा यांचा वेग किंवा दिशा वेगळी असेल तर पाऊस एका बाजूला पडतो आणि गरम हवा दुसऱ्या बाजूने चढत राहते. त्यामुळे ढग लवकर मरत नाहीत. कधी कधी त्यांची लांब रांग तयार होते. रांगेच्या तोंडाशी वादळी वारा, विजा, कधी गारा. तर मागे बराच वेळ चालणारी रिमझिम.

रिमझिमीतही वीज पडते

मोठा जोर ओसरला, आता नुसती भुरभुर आहे, म्हणून धोका टळला असे होत नाही. मागच्या रिमझिमीच्या ढगातूनही वीज पडू शकते. ढग एकमेकांना जोडलेले असले की वीज किती लांब धावू शकते, याचे उदाहरण अमेरिकेतले आहे. २२ ऑक्टोबर २०१७ रोजी तिथल्या अशाच एका ढगसमूहात एक वीज तब्बल ८२९ किलोमीटर लांब पसरली होती. जागतिक हवामान संघटनेने तो विक्रम म्हणून नोंदवला आहे.

"येलो अलर्ट होता, पण थेंबही नाही पडला"

ही तक्रार गावोगावी ऐकू येते. जिल्ह्यात ढग उठण्यासारखी हवा आहे, हे हवामान विभागाला आधी सांगता येते. नेमका कोणत्या गावावर ढग उठेल, हे बहुतेक वेळा तास-दोन तास आधीच कळते. म्हणून सकाळच्या अंदाजाबरोबर दुपारनंतर पुढच्या तीन तासांचा तातडीचा इशाराही बघावा. पुण्यातील भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेचे 'दामिनी' ॲप मोबाइलच्या लोकेशननुसार २० ते ४० किलोमीटर परिसरातील विजांची सूचना देते.

शिवारात असाल तर

- वीज चमकल्यापासून गडगडाट ऐकू येईपर्यंत सेकंद मोजा. तीन सेकंद म्हणजे सुमारे एक किलोमीटर. तीस सेकंदांच्या आत आवाज आला तर लगेच पक्क्या घरात जा.
- शेवटचा गडगडाट ऐकल्यानंतर ३० मिनिटे थांबा, मगच बाहेर पडा. मध्ये पुन्हा आवाज आला तर पुन्हा पहिल्यापासून ३० मिनिटे मोजा.
- एकटे झाड, उघडे पत्र्याचे शेड, विहीर, विजेचा खांब, तारेचे कुंपण यांच्यापासून लांब राहा. मोटार बंद करायला जाऊ नका.
- ट्रॅक्टर, दुचाकीवरून उतरा. काचा बंद असलेली, पत्र्याच्या टपाची चारचाकी मात्र चालते.
- आभाळ भरून येण्याआधीच जनावरे झाडाखालून सोडवून गोठ्यात आणा.
- वीज पडलेल्या माणसाच्या अंगात करंट राहत नाही. त्याला हात लावता येतो. १०८ ला फोन करा. श्वास बंद असेल तर लगेच छाती दाबणे सुरू करा.

ताडपत्री उडाली तर कांदा भिजेल, नुकसान होईल. पण पहिली सर थांबल्यावरचा अर्धा तास घरात काढला, तर ती ताडपत्री पुन्हा अंथरायला माणूस शिल्लक राहील.