बाळाचं पहिलं पाऊल आणि शंभर वर्षांचा शोध

बचत गटाच्या बैठकीत हप्त्यांचा हिशोब संपला की मांडीवरच्या लेकरांचा हिशोब सुरू होतो. "तुझं रांगायला लागलं का गं?" "माझ्या जावेचं तर दहाव्या महिन्यातच चाललं!" ज्या बाईचं मूल यात मागे असतं, ती गप्प होते. घरी तिला ऐकावं लागतं, की हिनं तेल नीट चोळलं नाही, हिला मूल सांभाळता येत नाही. म्हणून आज आम्ही तुम्हाला, मूल बसतं कधी आणि चालतं कधी हे माणसाला कसं कळत गेलं, त्याची गोष्ट सांगणार आहोत.

मान धरणं, पालथं पडणं, बसणं, रांगणं, उभं राहणं हा क्रम आपल्या आज्यांना पाठच होता. पण तो नीट मोजून, लिहून ठेवण्याचं मोठं काम अमेरिकेत अर्नॉल्ड गेझेल यांनी केलं. १९११ साली त्यांनी येल विद्यापीठात मुलांच्या अभ्यासाचं केंद्र काढलं आणि पुढे बाळांची चलचित्रं घेऊन वयानुसार तक्ते तयार केले. १९२९ साली त्यांचा जुळ्या बहिणींवरचा प्रयोग प्रसिद्ध झाला. एकीला ४६व्या आठवड्यापासून सहा आठवडे रोज जिना चढायला शिकवलं. दुसरीला काहीच शिकवलं नाही. तरी ५३व्या आठवड्यात ती आपली आपण जिना चढली! गेझेल म्हणाले, शरीर तयार झालं की मूल शिकतं, घाई करून उपयोग नाही.

१९४६ साली हंगेरीत, बुडापेस्ट शहरात, एमी पिकलर या डॉक्टरबाईंनी अनाथ बाळांसाठी घर उघडलं. तिथे नियम असा, की जे मूल स्वतःहून बसत नाही त्याला टेकू देऊन बसवायचं नाही. त्याला जमिनीवर मोकळं सोडायचं. आपल्या हिमतीवर ते वळेल, सरकेल, बसेल.

मग आईच्या हातात काहीच नाही का? तसंही नाही. केनियातल्या किप्सिगीस समाजात आया मुलाला मुद्दाम बसायला आणि चालायला शिकवतात. १९७६ साली चार्ल्स सुपर यांनी दाखवून दिलं, की ही मुलं अमेरिकेतल्या मुलांच्या आधी बसतात आणि चालतात. पण रांगणं तिथे कुणी शिकवत नाही, आणि त्यात ती पुढे नसतात. म्हणजे ज्याचा सराव, ते लवकर.

तान्ह्या बाळाला काखेत धरून पाय टेकवले की ते पावलं टाकतं. दोन-तीन महिन्यांनी हे बंद होतं. का? १९८४ साली एस्थर थेलन यांनी अशा बाळांचे पाय पाण्यात बुडवले, तर पावलं पुन्हा सुरू! बाळ काही विसरलेलं नव्हतं. पाय गुबगुबीत होऊन जड झाले होते आणि उचलायची ताकद अजून आली नव्हती. म्हणजे वजन, ताकद, मेंदू, सराव आणि मोकळी जागा हे सगळं जमून आलं की पाऊल पडतं.

आपल्या बाळांना परदेशी माप का लावायचं, हा प्रश्नही कुणीतरी विचारायलाच हवा होता. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात प्रमिला फाटक यांनी भारतीय बाळांची वाढ मोजून आपली मापं तयार केली. पुढे २००६ साली जागतिक आरोग्य संघटनेनं भारत, घाना, नॉर्वे, ओमान आणि अमेरिका या पाच देशांतल्या ८१६ मुलांवरून टप्पे जाहीर केले. निरोगी मूल आधाराशिवाय बसतं ते सुमारे ४ ते ९ महिन्यांत. एकटं चालतं ते सुमारे ८ ते साडेसतरा महिन्यांत. बघा, केवढा फरक! आणि शंभरातली चार मुलं हातागुडघ्यांवर रांगलीच नाहीत, तरी चालली.

तेव्हा जावेचं दहाव्या महिन्यात आणि तुमचं पंधराव्या महिन्यात चाललं, तर दोघीही बरोबर. बोलणाऱ्यांना हा आकडा सांगा.

पण या आकड्याची दुसरी बाजूही आहे. "आमच्याकडे मुलं उशिराच चालतात" म्हणून बसून राहू नका. नऊ महिने उलटले तरी बसत नाही, अठरा महिने झाले तरी चालत नाही, एकच हात वापरतं आणि दुसऱ्याची मूठ सतत मिटलेली असते, किंवा येत असलेली गोष्ट करेनासं झालं, तर लगेच दाखवा. मेंदू कोवळा असतानाच उपचारांचा जास्त उपयोग होतो. २०१३ साली पालघरमध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात हीच तपासणी होते. पथक अंगणवाडीत येतं आणि गरज असेल तर पुढे पाठवतं. त्याला पैसे लागत नाहीत. पथक कधी येणार, ते अंगणवाडीताईंना विचारा.

आणि घरी? गोधडी अंथरा, बाळाला तिच्यावर मोकळं सोडा, जागं असताना पोटावर झोपवा आणि जवळ बसा. वाटी-चमचा हाताशी द्या. आपला जुना लाकडी पांगुळगाडा चालेल, कारण त्यात मूल स्वतःच्या पायांवर उभं राहून गाडा ढकलतं. ज्यात मूल बसवून ठेवतात तो चाकांचा वॉकर मात्र नको. त्यातून मुलं पायऱ्यांवरून पडतात, म्हणून कॅनडानं २००४ साली त्याच्यावर बंदीच घातली.

पुढच्या बैठकीत जी मैत्रीण गप्प बसेल, तिच्या शेजारी जाऊन बसा. बाळ किती महिन्यांचं आहे ते विचारा आणि काय काय करतं तेही विचारा. गरज वाटली तर तिच्याबरोबर दवाखान्यात जा. तिला एकटीला पाठवू नका.