कोयता : एका शब्दाची कुळकथा

गेल्या हिवाळ्यात भाचीने ह्यूस्टनहून फोटो पाठवले. ती आणि जावईबापू शेजारच्या लुइझियाना राज्यात एका दिवसाच्या सहलीला गेले होते. सकाळी जुना ऊसमळा आणि तिथल्या गुलामांच्या खोल्या बघायच्या, दुपारी दलदलीतून बोटीने फिरून मगरी बघायच्या. पहिल्याच फोटोत झाडाखाली उघड्यावर ठेवलेलं एक गंजकं लोखंडी भांडं होतं, माणूस मांडी घालून आत बसेल एवढं. खाली तिने विचारलं होतं, "मामा, ही आपल्या गुऱ्हाळातली काहीलच ना?"

काहीलच होती. आपली पसरट असते, ती खोल होती, एवढाच फरक. रस उकळायचं भांडं जगात कुठेही गेलं तरी आपली ओळख सांगतं. पण तिच्या त्या प्रश्नामुळे माझ्या मनात वेगळीच वस्तू आली. उकळायच्या आधी ऊस तोडावा लागतो. तोडायला कोयता लागतो. आणि आमच्याकडे, जालन्यातल्या वाटूर फाट्यावर, दिवाळीच्या मागेपुढे ज्या ट्रका आणि ट्रॅक्टर भरून निघतात, त्यांत कोण बसलंय असं विचारलं तर टोळीचा मुकादम सांगतो, "दहा कोयते आहेत." तो हत्यारं मोजत नसतो. दहा कोयते म्हणजे दहा जोड्या, दहा नवरे आणि दहा बायका. लेकरं आणि म्हातारी त्या हिशोबात येत नाहीत.

हत्याराचं नाव माणसांना कधी आणि कसं लागलं, ते सांगायचा हा प्रयत्न.

कोयता तसा जुना. कोकणात तो कमरेच्या आकडीला लटकवून माणूस रानात जातो. लाकूड तोडायला, कवळ तोडायला, नारळ सोलायला तोच. देशावर शेतकऱ्याच्या घरात विळा, खुरपं, कुऱ्हाड यांच्या रांगेत तोही असायचा, पण त्याला काही विशेष मान नव्हता. ऊस होता तो विहिरीवरचा. बिघा-अर्धा बिघा लावायचा, मोटेचं पाणी द्यायचं, घरची माणसं आणि भावकी मिळून तोडायचं, चरकात घालायचं, गूळ करायचा. तोडायची घाई नव्हती, कारण गुऱ्हाळ दिवसाला पेलेल तेवढाच ऊस तोडायचा.

मराठीला वस्तूने मोजायची सवय फार जुनी आहे. गाव किती मोठं? शंभर उंबऱ्यांचं. विहिरीला पाणी किती? दोन मोटांचं. पाटलाची शेती? चार औतांची. वाटण्या झाल्या की एका घरात तीन चुली. तेव्हा माणसांना कोयता म्हणणं भाषेच्या वळणात बसतंच. पण बारकाईने पाहिलं की फरक दिसतो. उंबरा, चूल, औत ही सगळी घरच्यांच्या मालकीची मापं आहेत. औत ज्याचं, शेती त्याची. कोयत्याला मात्र ना ऊस असतो, ना जमीन. औताने माणसाची ऐपत कळते. कोयत्याने एवढंच कळतं की हा माणूस दिवसाला किती टन तोडेल.

हा नवा अर्थ साखर कारखान्याने दिला. नगर-पुण्याकडे नीरा, प्रवरा, गोदावरीचे कालवे झाले, मागोमाग ऊस आला. १९१९च्या सुमारास हरेगावला बेलापूर कंपनी उभी राहिली. १९३२मध्ये साखरधंद्याला सरकारी संरक्षण मिळालं आणि खाजगी कारखाने वाढले. स्वातंत्र्यानंतर विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी लोणीला प्रवरेचा सहकारी कारखाना उभारला आणि १९५०पासून सहकाराची लाट आली. त्या लाटेने शेतकऱ्याला बळ दिलं, हे खरंच आहे. पण कारखाना काही गुऱ्हाळासारखा थांबत नाही. हंगामात तो रात्रंदिवस चालतो, आणि तोडलेला ऊस पडून राहिला की त्यातली साखर उतरायला लागते. शक्य तर चोवीस तासांत गाळप झालं पाहिजे. म्हणजे पाच-सहा महिने रोज ठरलेला ऊस ठरलेल्या वेळी यायलाच हवा. त्यासाठी अशी माणसं हवीत जी मध्येच उठून घरी जाणार नाहीत.

अशी माणसं बागायती गावात मिळत नाहीत. ती मिळाली बीड, नगरचा पाथर्डीकडचा भाग आणि आमच्या जालन्याकडे, जिथे पावसावरचं एक पीक निघालं की पुढचे सात-आठ महिने हाताला काम नसायचं. १९७२च्या दुष्काळाने तर उरलीसुरली खळी मोडली. मंठा, परतूर, घनसावंगी, अंबड या बाजूच्या तांड्यांची आणि वाड्यांची वाट कारखान्याकडे वळली ती वळलीच.

या माणसांना बांधून ठेवायचं साधन म्हणजे उचल. पावसाळ्यात घरातलं धान्य संपलेलं असतं, आखाड-श्रावणात मुकादम पैसे देतो, आणि हंगामभर तोडणीच्या मजुरीतून ते फेडायचे. उचल दिली जाते कोयत्यावर. म्हणजे जोडीवर. एकटा माणूस आला तर त्याला म्हणतात अर्धा कोयता, आणि त्याला उचलही अर्धी. आजकाल एका कोयत्याची उचल लाखाच्या घरात जाते. पट्टा पडला, म्हणजे हंगाम संपला, आणि हिशोबात उचल फिटली नाही, तर राहिली ती बाकी, आणि बाकी म्हणजे पुढच्या वर्षीही त्याच मुकादमाकडे जाणं.

जोडीच का, याचं उत्तर फडात उभं राहिलं की समजतं. ऊस बुडख्याला जमिनीलगत तोडायचा, कारण वर खुंट राहिला तर वजन जातं आणि खोडवाही चांगला फुटत नाही. मग पाचट साळायचं, शेंड्याचं वाढं उडवायचं, कांड्या रचून मोळी बांधायची, आणि मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रकमध्ये चढायचं. एकाने तोडत राहायचं आणि दुसऱ्याने साळत, बांधत, वाहत राहायचं, तरच दिवसाला दोन टनांच्या आसपास जमतं. जानेवारी २०२४मध्ये तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ ठरली, टनाला २७३ रुपयांचे ३६६ झाले. त्या ३६६ रुपयांत बाईचे किती, हे कुठल्याच कागदावर नाही. उचल नवऱ्याच्या हातात, सही किंवा अंगठा नवऱ्याचा, वहीत नाव नवऱ्याचं आणि पुढे लिहिलेलं "१ कोयता".

ह्या शब्दाची खरी कमाल मला इथे वाटते. त्याने बाईला झाकून टाकलं. तिचं काम त्या एकात मोजलेलं आहे, पण तिचं नाव त्यात नाही. आणि जोडी असली तरच उचल पूर्ण मिळते, म्हणून हंगाम जवळ आला की कोवळ्या वयाच्या पोरींची लग्नं उरकली जातात. पोरीचं लग्न झालं असं म्हणण्याऐवजी एक कोयता तयार झाला, असं म्हणणारी माणसं मी स्वतः ऐकली आहेत. म्हणणाऱ्याला त्यात वावगं वाटत नाही, इतका तो शब्द अंगवळणी पडलाय.

कोयत्याचा जोडीदार शब्द आहे खाडा. एक दिवस कामावर गेलं नाही की खाडा पडतो. खाडा म्हणजे त्या दिवसाची मजुरी तर नाहीच, वर दंड, कुठे पाचशे, कुठे हजारापर्यंत. ताप आला तरी खाडा. पाळीच्या दुखण्यात कंबर धरून बसलं तरी खाडा. बीड जिल्ह्यात २०१९मध्ये सरकारी पाहणी झाली तेव्हा ऊसतोड करणाऱ्या ८२,३०९ बायकांपैकी १३,८६१ जणींची गर्भाशयं काढलेली निघाली. त्यामागे कारणं अनेक आहेत, खाजगी दवाखान्यांची घाई आहे, कोवळ्या वयातली बाळंतपणं आहेत, फडात पाणी नाही की आडोसा नाही. पण बायकांशी बोललं की खाड्याचं नाव आल्यावाचून राहत नाही.

हा खाडा काही आपल्या मातीत पहिल्यांदा उगवला नाही. मॉरिशस बेटावर ऊस होता आणि तो तोडायला आफ्रिकेतले गुलाम होते. १ फेब्रुवारी १८३५ला तिथली गुलामी कायद्याने उठली. त्याच्या तीनच महिने आधी, २ नोव्हेंबर १८३४ला, ॲटलस नावाच्या जहाजातून ३६ हिंदुस्थानी मजूर करार करून उतरले. त्या करारालाच आपले लोक गिरमिट म्हणू लागले. पुढे १९१०पर्यंत साडेचार लाखांवर माणसं त्या बेटावर गेली, त्यांत मुंबई बंदरातून गेलेली कोकणकडची मराठी माणसंही होती. त्यांच्या पणतू-खापरपणतूंच्या घरात आजही गणपती बसतो आणि गणेश चतुर्थीला त्या देशात सरकारी सुट्टी असते. त्या गिरमिटात एक कलम होतं : एक दिवस गैरहजर राहिलं तर दोन दिवसांची मजुरी कापायची. तिथे टोळीच्या प्रमुखाला सरदार म्हणत. गावाकडून माणसं तोच आणायचा आणि कामही तोच करून घ्यायचा. आपला मुकादम याहून वेगळं काय करतो?

मी ऊसतोड मजुराला गुलाम म्हणत नाही. त्याला कोणी विकू शकत नाही, त्याची पोरं मालकाची होत नाहीत, आणि त्याने संप करून दर वाढवून घेतलेले आहेत. बबनराव ढाकणे, गोपीनाथ मुंडे यांच्यासारखे पुढारी याच माणसांच्या जोरावर उभे राहिले. पण उचल देऊन माणूस अडकवणं हे गुलामीच्या कुळातलंच आहे, असं खुद्द आपला कायदा म्हणतो. वेठबिगारी बंद करणारा कायदा ९ फेब्रुवारी १९७६चा. त्यात देशभरातल्या अशा चालींची नावंच दिली आहेत : गुजरातकडची हाली, बिहारकडची कमिया, आणि आम्ही ज्या निजामी राज्यात होतो तिथली भगेला. कायदा आला त्यानंतर पंधरा दिवसांनी, २४ फेब्रुवारीला, पैठणच्या जायकवाडी धरणाचं लोकार्पण झालं. त्या धरणाच्या डाव्या कालव्याने आमच्या जालना-परभणीच्या रानात ऊस आणला. म्हणजे एकाच महिन्यात उचलीने माणूस अडकवण्याविरुद्ध कायदा आला आणि उचलीच्या पिकाचं पाणीही आलं.

जायकवाडीचा जलाशय, नाथसागर, १९८६पासून पक्षी अभयारण्य आहे. भाची पुढच्या वेळी आली की तिला तिकडे न्यायचं ठरवलंय. रोहित असतात, पट्टकादंब असतात, हिवाळ्यात उथळ पाण्यात चिखल फुललेला असतो. पण जाताना वाटेत थांबायचं ते कारखान्याबाहेरच्या कोप्यांजवळ, तोडणीवाल्यांच्या झोपड्यांजवळ. पाण्याला आणि कोपीला वेगळं करून बघणं मला जमत नाही.

तिच्या सहलीतही ते वेगळं नव्हतंच. व्हिटनी नावाचा तो मळा १७५२चा, आधी निळीचा, मग उसाचा. २०१४पासून तो लोकांसाठी उघडा आहे आणि तिथे मालकाच्या वाड्याचं कौतुक न करता गुलामांची हकिगत सांगतात. दुपारी बोटीवरून पाण्यात उभ्या सायप्रसच्या खोडांमधून ती फिरली, मगरी पाहिल्या. अशाच दलदलीत पळालेले गुलाम वस्ती करून राहायचे. त्यांचा एक म्होरक्या सां मालो पकडला गेला आणि १९ जून १७८४ला न्यू ऑर्लीन्समध्ये फासावर चढला. मगरींच्या रानात माणसं लपत होती, कारण मळ्यापेक्षा तिथे बरं होतं. आपल्याकडे उलटं झालंय. जुन्नर-अकोले भागात बिबट्यानेच उसात घर केलंय. मादी फडात विते, आणि तोडणी करताना कोयत्यापुढे पिल्लं सापडतात. तेव्हा तोडणी थांबते, वनखात्याची माणसं येतात, आणि रात्री पिल्लं त्याच जागी ठेवून देतात, म्हणजे आई येऊन घेऊन जाते. कोप्यांत पोरं झोपलेली असतात ती त्याच शिवारात.

त्याच लुइझियानात नॉर्बर्ट रिलिए नावाच्या कृष्णवर्णीय संशोधकाने १८४३मध्ये रस आटवायचं असं यंत्र केलं की उघड्या काहिलींवर माणसं भाजायची थांबली. त्याच तत्त्वावरची भांडी आज महाराष्ट्रातल्या प्रत्येक साखर कारखान्यात आहेत. उकळणं यंत्राकडे गेलं. तोडणं मात्र आपल्याकडे अजून बहुतेक हातानेच होतं.

भाचीच्या फोटोंतला एक मी अजून ठेवलाय. दगडी भिंती, आणि त्यांवर कोरलेली नावं. लुइझियानात गुलाम म्हणून नोंद झालेल्या १,०७,००० जणांची नावं त्या मळ्यात अशी कोरलेली आहेत. कित्येकांना आडनाव नाही, नुसतंच नाव. तरी नाव आहे, आणि बायकांचंही आहे.

यंदा खंडेनवमीच्या आधी मी फाट्यावरच्या लोहाराकडे विळा घेऊन गेलो होतो. एक बाई आली, डोक्यावर पदर, कडेवर पोर. तिने गोणपाटातून दोन कोयते काढले. एक मोठा, जड मुठीचा. दुसरा आखूड, हलका, मुठीला जुन्या लुगड्याची चिंधी घट्ट गुंडाळलेली. तिची बोटं तिथेच बसत असणार, चिंधी तेवढीच काळी पडली होती. "हा माझा," ती म्हणाली, "याला पुढून जरा जास्त शेवटून दे, टोक बोथट झालंय." लोहाराने दोन्ही भट्टीत घातले, घण मारला, पाणी दिलं, आखूड कोयत्याच्या टोकावर पुन्हा दोन घाव घातले. तिने धार अंगठ्यावर बघितली आणि दोन्ही गोणपाटात गुंडाळले.

"किती झाले?"

लोहार म्हणाला, "दोन कोयते आहेत, दोन्हीचे दे."