मेलेला गडी परत कधी येतो?

जयसिंगपुरातल्या बऱ्याच गल्ल्या नावानं नव्हे, नंबरानं ओळखल्या जातात. शाहू महाराजांनी आपल्या वडिलांच्या, जयसिंगराव घाटग्यांच्या, नावानं वसवलेलं हे गाव आखून काढलेलं. रस्ते सरळ, चौक काटकोनात. अशा कुठल्याही गल्लीच्या तोंडाशी संध्याकाळी चार पोरं चार मोबाईल घेऊन कट्ट्यावर टेकलेली दिसतात. "लगा, नॉक झालोय, रिव्हाइव्ह दे की!" एक ओरडतो. दुसरा मान वर न करता म्हणतो, "थांब, समोरच्या घरात दोघं हाईत. आधी स्मोक टाकतो." पहिल्याच्या स्क्रीनवर त्याचा शिपाई गुडघ्यांवर रांगत असतो आणि त्याच्या उरल्यासुरल्या जिवाची पट्टी कमी कमी होत असते. दुसरा धुराच्या आडून पोचतो, त्याच्याजवळ वाकतो, काही सेकंद दोघंही उघड्यावर. जगला तर जगला.

तीच पोरं अर्ध्या तासानं मोड बदलतात. आता 'वेअरहाऊस', टीडीएम म्हणजे टीम डेथमॅच, चार विरुद्ध चार. बंदुका त्याच, बोटं तीच, पण रिव्हाइव्ह कुणी मागत नाही. मेलेला क्षणात परत उभा राहतो आणि पळत सुटतो. धुराचा गोळा कुणी वाया घालवत नाही, भिंतीआड कुणी बसत नाही. मघाशी जपून पावलं टाकणारा पोरगा आता अंगावर जातो. पोरगा बदललेला नाही. बदलला तो एक नियम: मेल्यावर काय होतं.

शिपाई आणि बंदुकांच्या या खेळांत आज डझनावारी मोड आहेत आणि त्यांच्या याद्या वाचून माणूस गोंधळतो. पण ज्याला त्यांचा माग काढायचा असेल, त्यानं प्रत्येक मोडला एकच प्रश्न विचारावा: बाद झालेला गडी परत कधी येतो? उत्तरं मोजकीच मिळतात. लगेच येतो, डाव संपेपर्यंत बाहेर बसतो, किंवा जोडीदारांनी काही कमावलं तर येतो. ही तिन्ही उत्तरं महाराष्ट्राच्या मातीत कॉम्प्युटर यायच्या कितीतरी आधी खेळून झाली होती.

आपल्याकडे हुतूतू, म्हणजे आजची कबड्डी, तीन तऱ्हांनी खेळली जायची. 'अमर' प्रकारात गडी बाद झाला तरी मैदान सोडत नसे. समोरच्यांना एक गुण मिळायचा आणि खेळ पुढे चालू. 'गामिनी'त बाद झालेला बाहेर बसायचा, तो आपल्या बाजूचे सगळे बाद होईपर्यंत. 'संजीवनी'त समोरचा एक बाद झाला की आपला एक उठायचा, आणि तोही ज्या क्रमानं गडी बाद झाले त्याच क्रमानं. मैदान एक, चढाई एक, पकड एक, पण तीन वेगळे खेळ. अमरमध्ये चढाईबहाद्दर बेधडक आत घुसतो, कारण गमावायचं ते एका गुणापुरतं. गामिनीत शेवटचा उरलेला गडी रेषेजवळ नुसता घोटाळत राहतो. संजीवनीत प्रत्येक पकडीला दुहेरी मोल, कारण त्यांचा गेला आणि आपला आला. १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळानं हा खेळ परदेशी प्रेक्षकांपुढे मांडला. १९५० मध्ये अखिल भारतीय कबड्डी फेडरेशन उभं राहिलं आणि अधिकृत खेळ संजीवनीच्या वळणावर स्थिरावला. प्रो कबड्डीत आपण पाहतो ती संजीवनीच.

अमेरिकेतल्या प्रोग्रामरांनी हुतूतू पाहून काही उचललं, असं मुळीच नाही. त्यांनी आपापल्या वाटेनं तीच तीन उत्तरं शोधली, एकेक करून, जवळजवळ चाळीस वर्षं लावून. म्हणूनच हा माग मला इतका मोलाचा वाटतो.

पहिलं उत्तर अमरचं. १९७३-७४ च्या सुमारास नासाच्या एम्स केंद्रात काही तरुणांनी 'मेझ वॉर' नावाचा खेळ केला. भिंतींचा चक्रव्यूह, त्यात डोळ्याच्या आकाराचे खेळाडू, आणि समोर दिसेल त्याला गोळी. ज्याला गोळी लागली तो दुसऱ्या जागी पुन्हा खेळात. १० डिसेंबर १९९३ ला 'डूम' आला आणि चार जणांनी एकमेकांना मारायच्या प्रकाराला जॉन रोमेरोनं 'डेथमॅच' हे नाव दिलं. मरण फुकट, मोजायचे ते फक्त बळी. कॉम्प्युटरपुढे बसलेल्या माणसाला वाट बघायला लावायची नाही, हा त्यामागचा साधा हिशोब. टीम डेथमॅच त्याचंच भावंड. जयसिंगपूरच्या कट्ट्यावरचा वेअरहाऊस हा त्या घराण्यातला. चाळीस बळी आधी घेईल तो जिंकला.

'डूम'च्याच धाग्यात एक छोटी पण महत्त्वाची गोष्ट घडली. अमेरिकेच्या मरीन कोअरनं १९९६ च्या सुमारास 'डूम २' मध्ये फेरफार करून आपल्या चार-चार शिपायांच्या तुकड्यांसाठी 'मरीन डूम' तयार केला. राक्षसांच्या जागी शत्रूसैनिक आले, मुद्दा निशाणेबाजीचा नसून एकमेकांना आडोसा देत पुढे सरकण्याचा झाला. फौजेला अमर शिपाई उपयोगाचा नाही. जो मरणाला भीत नाही, तो आडोसा शिकतच नाही.

दुसरं उत्तर, गामिनीचं, घडवलं एका विद्यार्थ्यानं. कॅनडात सायमन फ्रेझर विद्यापीठात शिकणाऱ्या मिन्ह ली यानं जेस क्लिफच्या साथीनं 'हाफ-लाइफ' या खेळावर बेतून 'काउंटर-स्ट्राइक' रचला. पहिली चाचणी आवृत्ती जून १९९९ मध्ये आली. सुरुवातीला त्यात ओलिसांची सुटका एवढंच होतं. त्याच वर्षी पुढच्या आवृत्तीत बॉम्ब आला: एक बाजू बॉम्ब पेरणार, दुसरी तो निकामी करणार. बड्या माणसाला सुखरूप पोचवायचा मोड होता, निसटून जायचा मोड होता. ते गळून गेले. बॉम्ब मात्र टिकला, आणि पंचवीस वर्षं उलटली तरी स्पर्धा म्हटलं की तोच.

तो का टिकला, हे ज्यांनी २००० नंतर आपल्याकडच्या सायबर कॅफेंमध्ये तासावर पैसे मोजून हा खेळ खेळला त्यांना सांगावं लागत नाही. पाच विरुद्ध पाच. मेलेला बाहेर, पुढची फेरी सुरू होईपर्यंत. मेलेली पोरं हेडफोन काढून उठायची आणि शेवट उरलेल्याच्या खुर्चीमागे जाऊन उभी राहायची. बॉम्बची टिकटिक वाढत चाललेली. निकामी करायला दहा सेकंद लागतात, किट विकत घेतलं असेल तर पाच. त्या पाच-दहा सेकंदांत हात हलवता येत नाही, मागे वळता येत नाही, दाराशी कुणाची पावलं ऐकू आली तरी बसून राहायचं किंवा बॉम्ब सोडून बंदूक उचलायची. मागच्या चौघांनी श्वास रोखलेला. गामिनीत शेवटचा गडी मैदानात आणि बाकीचे बाहेर बसून त्याच्याकडे बघतायत, तीच ही घडी. मरण महाग केलं की एका माणसाची गोष्ट सगळ्यांची होते. काउंटर-स्ट्राइकचं खरं मोठेपण मला त्याच्या बंदुकांत दिसत नाही. मेलेल्याला बसवून ठेवण्याच्या त्या एका नियमात ते आहे.

त्याच खेळात आपल्या मैदानाचं आणखी एक सूत्र सापडतं. दोन्ही बाजूंचं काम वेगळं असतं आणि अर्ध्या वाटेवर बाजू बदलते. खो-खोत पाठलाग आणि पळती आलटून पालटून येतात. लगोरीत एक पक्ष सात चकत्यांचा मनोरा पुन्हा रचायला धडपडतो, दुसरा चेंडू मारून त्याला अडवतो. दोघांना सारखंच काम दिलं नाही तरी खेळ न्याय्य राहतो, फक्त पाळी सारखी हवी.

झेंडा पळवायचा 'कॅप्चर द फ्लॅग' मोड 'क्वेक'वर १९९६ मध्ये डेव्ह कर्श यानं लोकप्रिय केला. ठाणी ताब्यात ठेवायचे डॉमिनेशनसारखे मोड त्याच्या मागोमाग आले. यांत मरण पुन्हा स्वस्त, पण जागा महाग. खरी नवी कल्पना स्वीडनच्या डाइस कंपनीनं २००२ च्या 'बॅटलफील्ड १९४२' मध्ये आणली. तिथं प्रत्येक सैन्याला ठरावीक 'तिकिटं' मिळतात. एक शिपाई मेला आणि परत आला की एक तिकीट गेलं. निम्म्याहून जास्त ठाणी शत्रूकडे असतील तर तिकिटं आपोआप गळत राहतात. म्हणजे शिपायाला मरण फुकट, सेनेला मात्र खर्चाचं. बटालियनचा हिशोब ठेवणाऱ्या अधिकाऱ्याची नजर खेळात शिरली ती इथं.

त्याच वर्षी, ४ जुलैला, अमेरिकेच्या लष्करानं भरतीच्या प्रचारासाठी स्वतःचा खेळ फुकट वाटला: 'अमेरिकाज आर्मी'. त्यातही मेलेला फेरी संपेपर्यंत बाहेरच. शिवाय एक विलक्षण सोय होती. दोन्ही बाजूंच्या खेळाडूंना आपण अमेरिकन शिपाई आहोत आणि समोरचे शत्रू आहेत असंच दिसायचं. लष्कराच्या खेळात कुणालाही शत्रू व्हावं लागू नये, म्हणून. मोड ठरवताना किती गोष्टी ठरतात, हे यावरून ध्यानात यावं.

तिसऱ्या उत्तराला, संजीवनीला, सगळ्यात जास्त वेळ लागला. २००१ च्या 'रिटर्न टू कॅसल वुल्फेनस्टाइन' मध्ये वैद्य सुई टोचून पडलेल्याला उठवू शकायचा. २००६ च्या 'गियर्स ऑफ वॉर'नं माणसाला एकदम न मारता जखमी पाडून ठेवलं, जोडीदार येईपर्यंत. मग 'कॉल ऑफ ड्यूटी' मालिकेनं २०१३ साली 'सर्च अँड रेस्क्यू' मोड काढला. पाया गामिनीचा, बॉम्बवाला. पण मेलेल्याच्या जागी त्याचा गळ्यातला बिल्ला पडतो. तो आपल्यातल्या कुणी उचलला तर गडी परत, शत्रूनं उचलला तर फेरीपुरता कायमचा बाद. मार्च २०२० च्या 'वॉरझोन' मध्ये तर मेलेल्याला तुरुंगात नेतात आणि दुसऱ्या मेलेल्याशी एकास एक झुंज लावतात. जिंकेल तो मैदानात परत.

आणि बॅटल रॉयल. कट्ट्यावरची पोरं जे खेळतात त्याचं मूळ कौशुन ताकामी यांच्या १९९९ च्या जपानी कादंबरीत आणि तिच्यावरच्या २००० सालच्या चित्रपटात आहे. ते मूळ खेळात उतरलं ते 'आर्मा २' या खेळावर. खऱ्या युद्धाच्या जवळ जाणारा, गोळीचा वेग आणि अंतर मोजणारा हा खेळ होता. ब्रेंडन ग्रीन या आयरिश माणसानं त्यावर आपला मोड बसवला. सुरक्षित क्षेत्र चौकोनी आखणं त्याला प्रोग्रामिंगमध्ये जमेना, म्हणून त्यानं वर्तुळ घेतलं. आज जगभर आकसत जाणारा तो गोल झोन त्या अडचणीतून आला. मार्च २०१७ मध्ये कोरियाच्या कंपनीसोबत पबजी, मार्च २०१८ मध्ये तिची मोबाईल आवृत्ती. स्वस्त डेटा नुकताच गावोगाव पोचला होता, कॉम्प्युटर मात्र घरोघरी नव्हता. म्हणून कट्टा हाच आपला सायबर कॅफे झाला. शंभर माणसं, एक जीव. पण चौघांची तुकडी असेल तर पडलेल्याला जोडीदार उठवू शकतो. बाहेरून गामिनी, आतून संजीवनी, आणि लोकांना धरून ठेवलं ते या जोडणीनं. "रिव्हाइव्ह दे की" ही हाक त्यामुळेच गल्लीत ऐकू येते.

पुढची कथा सरकारी आदेशांची. २ सप्टेंबर २०२० ला पबजीवर बंदी, जुलै २०२१ मध्ये बीजीएमआय या नावानं पुनरागमन, जुलै २०२२ मध्ये पुन्हा ॲप गायब, मे २०२३ मध्ये परत. या आवृत्तीत अठराखालच्या मुलांना दिवसाला तीन तासांची मर्यादा आली. स्पर्धांच्या गुणतक्त्यात 'किल'च्या जागी 'फिनिश' आलं. मधल्या काळात बेंगळुरूहून 'फौजी' नावाचा खेळ २६ जानेवारी २०२१ ला मोठ्या गाजावाजात निघाला. त्यात गलवानची एकट्यानं खेळायची मोहीम तेवढी होती. टीम डेथमॅच काही महिन्यांनी आला. देशभक्तीवर खेळ डाउनलोड होतो, पण टिकत नाही. पोरांना एकमेकांविरुद्ध आणि एकमेकांसाठी खेळायचं असतं. मोडच नसेल तर ती संध्याकाळी काय करणार?

आता पुण्यातही हे खेळ बनतात. सुपरगेमिंगचा 'इंडस' ऑक्टोबर २०२४ मध्ये आला. त्यात शेवटच्या टप्प्यात 'कॉस्मियम' नावाचा पदार्थ ताब्यात घेणारा जिंकतो, बाकी माणसं जिवंत असली तरी. शेवटचा जिवंत उरणारा जिंकला, या जुन्या नियमाला हा चांगला धक्का आहे. भारतीय कंपनीनं नुसती वेशभूषा बदलण्यावर न थांबता नियमात हात घातला, याचं मला मनापासून कौतुक वाटतं.

म्हणून या क्षेत्रात उतरणाऱ्या मराठी मुलामुलींना एक विनंती. संजीवनी पूर्ण उतरवून बघा, तिच्या क्रमासकट आणि लोणासकट. वर पाहिलेल्या खेळांत पडलेल्याला उठवतं ते औषध, जोडीदाराचा हात, बिल्ला किंवा झुंज. आपल्या नियमात त्याला उठवते ती जोडीदारानं मारलेली पकड. सात विरुद्ध सात. बाद झालेले एका रांगेत. समोरचा एक पडला की रांगेतला पहिला उठला. सगळे पडले की लोण, वरचे दोन गुण, आणि सगळे पुन्हा मैदानात. वीस-वीस मिनिटांची दोन सत्रं. नियमपुस्तक तयार आहे, आणि मैदानावर सात दशकांहून जास्त काळ तपासून झालेलं आहे.