पहिले मत कोणाचे?

आठवीच्या वर्गात नागरिकशास्त्राचा 'स्थानिक शासन' हा धडा चालू होता. मागच्या बाकावरच्या एका मुलाने विचारले, "सर, महापालिकेसाठी सर्वांत पहिले मत कोणी दिले?" धड्यात हे नव्हते आणि मलाही नीट सांगता आले नाही. "उद्या सांगतो" म्हणून मी वेळ मारून नेली. आम्हा शिक्षकांचा हा जुना उपाय आहे. पण प्रश्न डोक्यातून जाईना. पुढे ग्रंथालयात बसून जे हाती लागले, ते विद्यार्थी मित्रांसाठी आणि पालकांसाठी येथे मांडत आहे.

ही गोष्ट आपल्या पुण्यात नव्हे, तर मुंबईत सुरू होते. १८६५ च्या कायद्याने मुंबई शहराचा कारभार सरकारनियुक्त 'जस्टिस ऑफ द पीस' मंडळीकडे आला. पण खरी सत्ता होती ती म्युनिसिपल कमिशनर आर्थर क्रॉफर्ड यांच्या हाती. माणूस धडाडीचा. रस्ते, गटारे, आजही त्यांच्याच नावाने ओळखला जाणारा तो मोठा बाजार, ही सारी कामे त्यांनी झपाट्याने केली. मात्र पैसा पाण्यासारखा खर्च झाला. त्यातच अमेरिकेतील यादवी युद्ध संपून कापसाची तेजी कोसळली होती, शहर कर्जात बुडाले आणि कराचा बोजा रहिवाशांवर पडला. १८७१ साली करदात्यांनी मोठी चळवळ उभारली. आमचा पैसा खर्च होतो, तर त्याचा हिशेब विचारणारी माणसेही आमचीच हवीत, हे तिचे सूत्र होते.

याच वेळी फ्रामजी कावसजी इन्स्टिट्यूटमध्ये सव्वीस वर्षांचे फिरोजशहा मेहता एक निबंध वाचायला उभे राहिले. त्यांचे म्हणणे असे की, दोष एकट्या कमिशनरचा नाही, दोष रचनेचा आहे. कारभारी एकच असावा, पण त्याच्यावर करदात्यांनी निवडलेल्या मंडळाची नजर असावी. क्रॉफर्डवर चिडलेल्या श्रोत्यांना हे मुळीच रुचले नाही. तरी पुढे कायदा झाला तो साधारण याच दिशेने.

१८७२ च्या तिसऱ्या कायद्याने चौसष्ट सभासदांचे कॉर्पोरेशन निर्माण झाले. त्यांपैकी सोळा सरकारने नेमायचे, सोळा जस्टिस मंडळीने निवडायचे आणि बत्तीस करदात्यांनी निवडून द्यायचे. म्हणजे निम्मे सभासद लोकांचे. १८७३ साली ही निवडणूक झाली आणि ४ सप्टेंबर १८७३ रोजी नव्या कॉर्पोरेशनची पहिली सभा भरली.

त्या पहिल्या सभासदांत एकोणतिशीच्या आतले एक बॅरिस्टर होते, बद्रुद्दीन तय्यबजी. १८६७ साली ते विलायतेहून बॅरिस्टर होऊन परतले होते. कॉर्पोरेशनवर निवडून आल्यानंतर दुसऱ्याच वर्षी, १८७४ मध्ये, त्यांनी आपले बंधू कमरुद्दीन आणि इतर सहकाऱ्यांसह मुंबईत 'अंजुमन-ए-इस्लाम'ची स्थापना केली. या दोन तारखा एवढ्या लागून आहेत हा मला योगायोग वाटत नाही. ज्याने कॉर्पोरेशनच्या सभेत बसून अर्थसंकल्प वाचला, त्याला आपल्या समाजाची मुले शाळेबाहेर राहिली तर त्या सभेत उद्या कोण बसणार, हे कळले असणार. पुढे १८८७ मध्ये ते मद्रासच्या काँग्रेस अधिवेशनाचे अध्यक्ष झाले. १८९७ साली राजद्रोहाच्या खटल्यात लोकमान्य टिळकांना जामीन मंजूर केला तो न्यायमूर्ती तय्यबजींनीच. पुणेकरांनी हे विसरू नये.

आता त्या मुलाच्या प्रश्नाकडे येऊ. १८७३ मध्ये मत कोणाला होते? वर्षाला निदान पन्नास रुपये म्युनिसिपल कर भरणाऱ्याला! कर भरणार घरमालक; चाळीच्या खोलीत राहणारा भाडे देई, त्या भाड्यातूनच मालकाचा कर निघे, पण यादीत नाव मालकाचे. गोदीतला हमाल, गिरणीतला कामगार, मदनपुऱ्यातला विणकर या यादीत बसणार कसा? १८८८ च्या कायद्याने ही अट तीस रुपयांवर आणली. १९२२ पासून दरमहा दहा रुपये भाडे भरणाऱ्यालाही मत मिळाले. सर्व प्रौढांच्या मतदानाने मुंबईची पहिली निवडणूक व्हायला १९४८ साल उजाडले. पंचाहत्तर वर्षे लागली.

पुण्यात नगरपालिका १८५७ पासून होती, परंतु सुरुवातीला सभासद नेमलेले असत. महात्मा फुले यांनाही १८७६ मध्ये सरकारनेच नेमले होते. लॉर्ड रिपन यांचा १८८२ चा ठराव आल्यावर निवडणुकीचे तत्त्व गावोगाव पसरू लागले.

आणि आपले येरवडा? आपण रोज ज्यांच्यावरून जातो त्या दोन वास्तूंचा या इतिहासाशी संबंध आहे. नगर रस्त्यावरचा महाल बांधणारे आगाखान १९०६ साली सिमल्याला व्हाइसरॉयकडे गेलेल्या शिष्टमंडळाचे प्रमुख होते. मुसलमानांना नगरपालिका आणि जिल्हा मंडळांतही वेगळे प्रतिनिधित्व हवे, अशी त्या शिष्टमंडळाची मागणी होती. ती योग्य की अयोग्य यावर आजही वाद होतो. माझ्यापुरते सांगायचे तर, शेजाऱ्याचे मत मागावे लागणारा उमेदवार मला अधिक पसंत आहे. दुसरी वास्तू म्हणजे तुरुंग. २४ सप्टेंबर १९३२ रोजी येथे पुणे करार झाला. राखीव जागांचे कलम सर्वांना पाठ असते. पण त्याच करारात आणखी एक कलम आहे: दलित वर्गातील आहे एवढ्या कारणाने कोणालाही स्थानिक संस्थांच्या निवडणुकीत अडवता येणार नाही. त्याच्या पुढचेच कलम या वर्गाच्या शिक्षणासाठी पैसा राखून ठेवण्याचे आहे.

१५ फेब्रुवारी १९५० रोजी पुणे शहर आणि उपनगर या दोन नगरपालिका एकत्र होऊन पुणे महानगरपालिका अस्तित्वात आली. १९५२ साली तिची पहिली निवडणूक झाली आणि बाबूराव सणस पहिले महापौर झाले. या वेळी कराची पावती कोणी मागितली नाही. वय एकवीस पूर्ण असले की झाले. (अठराची मर्यादा १९८९ मध्ये आली.)

हे सारे मी वर्गात सांगितले. तोच मुलगा पुन्हा उभा राहिला. "मग सर, २०२२ नंतर आमच्या वॉर्डात नगरसेवकच का नव्हता?" मार्च २०२२ मध्ये महापालिकेची मुदत संपली, प्रभागरचना आणि ओबीसी आरक्षणाचे वाद न्यायालयात अडकले आणि काही वर्षे कारभार एकट्या प्रशासकाच्या हाती राहिला, असे मी त्याला सांगितले. तो थोडा वेळ गप्प राहिला आणि म्हणाला, "म्हणजे क्रॉफर्डसारखेच?"


तास संपल्याची घंटा झाली होती, पण वर्गातून कोणी उठले नाही.