'तमस'मधील काळा

दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ रोजी 'प्रायोगिक' म्हणून सुरू झालेल्या दूरचित्रवाणीला रंग लाभले ते १९८२ साली. तोवर पडद्यावरचा काळा ही यंत्राची मर्यादा होती. सर्व रंग हाताशी असता काळाच निवडणे ही निराळी गोष्ट होय. आणि खऱ्या अर्थाने प्रयोग म्हणावा तो इथेच सुरू होतो. १९८८ च्या आरंभी दूरदर्शनने दाखविलेली गोविंद निहलानींची 'तमस' ही मालिका याची साक्ष आहे. निहलानी म्हणजे पानवलकरांच्या 'सूर्य' कथेवरून 'अर्धसत्य' करणारे. सूर्याकडून तमाकडे झालेला हा प्रवास कुतूहल वाटावे असाच आहे. छायालेखनात त्यांच्यासमवेत 'प्यासा'चे व्ही. के. मूर्ती होते.

भीष्म साहनींच्या मूळ कादंबरीस १९७५ चा साहित्य अकादेमी पुरस्कार मिळाला. तिच्या आरंभी कोंदट खोली आहे, मिणमिणता दिवा आहे, आणि रात्रभर एका डुकराशी झटणारा, कातडी कमावणारा नथू आहे. भरतमुनींनी भयानक रसाला कृष्णवर्ण दिला आहे. तेव्हा हा काळा भयाचा, असे म्हणून मोकळे होता येईल. मला ते अपुरे वाटते. ईश्वरकृष्णाच्या सांख्यकारिकेत तमोगुण जड आणि आवरण घालणारा आहे. नथू भ्यालेला आहे खराच, परंतु त्याहून महत्त्वाचे हे की आपण काय करीत आहोत हेच त्याला ठाऊक नाही. जनावरांच्या डॉक्टरला डुक्कर हवे आहे, एवढेच मुराद अलीने त्याला सांगितलेले असते. पुढे तेच धूड मशिदीच्या पायरीवर सापडते. काळोखाने हेतू झाकला आहे. म्हणूनच कादंबरीच्या अखेरीस शांततेच्या बसमध्ये बसून हाच मुराद अली भर दिवसा घोषणा देतो, तेव्हा तो काळा उजेडातही फिटलेला नसतो.

मराठीत 'तमस'ला 'काळोख' म्हणावे काय? त्या शब्दात रंग आहे, पण गुण नाही. अनुवादकाने शीर्षक तसेच ठेवावे हे बरे.

हा काळोख दाखविल्याने तो पसरेल, या भीतीने प्रसारणाविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात अर्ज झाला व स्थगितीही मिळाली. न्या. लेंटिन आणि न्या. सुजाता मनोहर यांनी मालिका स्वतः पाहिली आणि स्थगिती उठविली. फेब्रुवारी १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही बंदीची मागणी फेटाळली. एखाद्या कलाकृतीवर निर्णय देण्यापूर्वी ती पाहावी, हा शिरस्ता आमच्या टीकाकारांतही सार्वत्रिक नाही.