हलगी, परई आणि चित्रपटातील 'कुत्तु'

लोणावळ्याकडच्या एखाद्या वरातीत 'सैराट' (२०१६) मधील 'झिंगाट'च्या पाठोपाठ 'गिल्ली' (२००४) या तमिळ चित्रपटातील 'अप्पडी पोडु' वाजू लागले, तर नाचणाऱ्यांचे पाय अडखळत नाहीत. शब्द कोणास कळत नसतात. असे का व्हावे, याचे उत्तर केवळ चित्रपटांच्या प्रसारात शोधणे मला अपुरे वाटते.

प्रथम संज्ञेविषयी. या गीतप्रकाराच्या नावातील 'कुत्तु' ऱ्हस्व उकाराचा असून त्याचा अर्थ टोचणे, ठोसा देणे असा आहे. नाट्य व नृत्य या अर्थाचा 'कूत्तु' दीर्घ असून तो 'तेरुक्कूत्तु' या लोकनाट्याच्या नावात आढळतो. देवनागरी लेखनात हा भेद सर्रास पुसला जातो आणि मग भलत्याच व्युत्पत्ती रचल्या जातात.

हेटकऱ्यांनी व मावळ्यांनी १६७७ च्या कर्नाटक स्वारीत दक्षिण पाहिली. तंजावरास तर व्यंकोजीच्या वंशजांचे राज्य १८५५ पर्यंत टिकले. त्या राज्याच्या ओघात 'लावणी' हा शब्द तमिळमध्ये रुजला. तेथील लावणी मात्र शृंगारिक नव्हे. कामदहनाच्या उत्सवात 'काम जळाला' आणि 'काम जळाला नाही' असे दोन पक्ष सवाल-जवाब करतात. आपल्या कलगी-तुऱ्याची आठवण झाल्यावाचून राहत नाही. तथापि आजचा कुत्तु या लावणीतून निघाला, असे म्हणावयास काडीचाही आधार नाही. आपल्याकडील काही उत्साही मंडळी ते म्हणतात, हा भाग निराळा.

खरे साम्य वाद्यात आहे. परई आणि हलगी ही दोन्ही एका तोंडाची, कड्यावर चामडे ताणलेली वाद्ये. दोहोंवर एक आखूड व एक लांब, बारीक काठी पडते. दोन्ही वाजविण्यापूर्वी शेकावी लागतात. दोहोंचा वापर दवंडीस, जत्रेस आणि प्रेतयात्रेस. 'परई'च्या मुळाशी बोलणे, जाहीर करणे हा अर्थ आहे, तर 'हलगी'चे नाते कन्नड 'हलगे'शी आहे. दोन्ही वाद्ये ज्या जातींच्या गळ्यात अडकवली गेली, त्यांना गावाने शिवेबाहेर ठेवले. तमिळनाडूत अनेक दलित तरुणांनी प्रेतयात्रेत परई वाजविण्यास नकार दिला आणि पुढे तीच परई व्यासपीठावर अभिमानाने आणली. चित्रपटाने त्याच ठोक्याला पैसा व प्रतिष्ठा दिली, पण वादकास क्वचितच. वरातीत आज हलगीच्या जागी ध्वनिवर्धकांची भिंत असते, आणि पूर्वी बिदागीवर जाणारा हलगीवाला बाजूस उभा राहून तोच ठोका ऐकतो.