हलगीतला 'ह'

अणदूरचा खंडोबा दोन गावांचा. वर्षातले सव्वादहा महिने तो अणदुरात राहतो आणि पावणेदोन महिने नळदुर्गजवळच्या मैलारपुरात. मैलार हे त्याचंच कानडी नाव. तुळजापूर तालुक्याच्या या टोकाला देव दोन भाषांत नांदतो, आणि त्याच्यापुढे वाजणारी वाद्यंही.

वाघ्याच्या हातातली दिमडी आणि तुणतुणं ही नावं नादातून जन्मली आहेत. अमरकोशात 'डिण्डिम' नावाचं वाद्य आहे, म्हणून दिमडी त्याची लेक ठरवायचा मोह होतो. तो आवरावा. एकाच आवाजाची नक्कल केलेले दोन शब्द सारखे ऐकू येणारच. तेवढ्यावर नातं जुळत नाही.

हलगीचं तसं नाही. तिच्या नावात नाद शोधून सापडत नाही. कानडीत 'हलगे' म्हणजे फळी, आणि हेच नाव या चपट्या, एकतोंडी वाद्यालाही आहे. जुन्या कानडीत हा शब्द 'पलगे' होता. त्या भाषेत शब्दारंभीच्या 'प'चा पुढे 'ह' झाला: दूध 'पाल्'चं 'हालु' झालं, वाघ 'पुलि'चा 'हुलि'. तमिळने 'प' सोडला नाही. तिथे वाघ अजून 'पुली'च आहे आणि फळी 'पलगै'. संस्कृतातला 'फलक' याच गोतातला, आणि त्याच्यापासून आपला फळा, आपली फळी. म्हणजे शाळेतला फळा आणि चावडीपुढची हलगी एकाच गोतातली. एक संस्कृताकडून आला, दुसरी कानडीच्या उंबऱ्यावरून. तो 'ह' हाच तिच्या वाटेचा पुरावा. मला हे नातं फार मोलाचं वाटतं, कारण ते कानाला गोड लागतं म्हणून मानलेलं नाही, नियमाने सिद्ध होतं.

कानडी आणि मराठी वेगळ्या कुळांतल्या, तरी हलगी इकडे आलीच; वाद्यांच्या नावांना भाषाकुळांची कुंपणं अडवत नाहीत. बाल्टिक समुद्राकाठी लाटव्हियाचं 'कोक्ले' हे लाकूड कोरून केलेलं तंतुवाद्य आहे. लिथुआनियात त्याला 'कांक्लेस' म्हणतात, एस्टोनियात 'कान्नेल', फिनलंडमध्ये 'कांतेले'. पहिल्या दोन भाषा दूरच्या नात्याने आपल्या मराठीच्या भाऊबंद; उरलेल्या दोघींचं कूळच निराळं. तरी वाद्याचं नाव चौघींकडे मिळतंजुळतं.

आपल्याकडे हलगी जपली ती प्रामुख्याने मातंग वादकांनी. दवंडीपासून लग्नाच्या वरातीपर्यंत तीच गावाचा आवाज होती. कोशात मात्र तिच्या वाट्याला जेमतेम एक ओळ येते. आता फायबरचं पान आलं आहे. ते जाळावर शेकावं लागत नाही. चामड्याबरोबर ते शेकणं जाईल, आणि त्याभोवतीची बोलीही. ज्यांच्या गावात जुने हलगीवाले आहेत, त्यांनी त्यांच्यापाशी बसून कड्याचे, काड्यांचे, ठेक्यांचे शब्द त्यांच्याच उच्चारात आजच लिहून घ्यावेत.